चिलटे: गैरसमज आणि वस्तुस्थिती

टोपलीतली केळी जरा काळपट पडली की त्यांच्यावर चिलटे घिरट्या घालू लागतात. काल तर एकही नव्हते, आज एवढी आली कुठून, असे म्हणत आपण फवाऱ्याचा डबा काढतो. दोन-तीन मिलिमीटर लांबीची, लाल डोळ्यांची ही माशी म्हणजे ड्रोसोफिला. तिचा बंदोबस्त बहुतेक घरांत फसतो, कारण तिच्याविषयीचे आपले समजच चुकीचे असतात.

गैरसमज १: फळ सडले की चिलटे त्यातून आपोआप तयार होतात.
वस्तुस्थिती: इटलीच्या फ्रान्चेस्को रेडी यांनी १६६८ मध्येच दाखवून दिले होते की बरणीचे तोंड झाकून ठेवलेल्या मांसात अळ्या होत नाहीत, माशीने अंडी घातली तरच होतात. चिलटांचेही तसेच आहे. मादी पिकल्या, आंबू लागलेल्या फळावर जेमतेम अर्ध्या मिलिमीटरची अंडी घालते. साधारण २५ अंश सेल्सिअस तापमानात दिवसभरात अळी बाहेर पडते, चार-पाच दिवस खाते, मग कोशात जाते आणि सुमारे दहा दिवसांत नवी माशी उडू लागते. एक मादी आयुष्यात काहीशे अंडी घालू शकते. म्हणजे आज दिसणारी चिलटे एकतर आंबूस वासाने बाहेरून आलेली असतात, नाहीतर दहा-बारा दिवसांपूर्वी घरातच विसरलेल्या एखाद्या ओल्या, कुजक्या वस्तूत जन्मलेली असतात.

गैरसमज २: आंब्यात अळी करणारी फळमाशी ती हीच.
वस्तुस्थिती: दोघींची कुळेच वेगळी. बागायतदार जिला फळमाशी म्हणतात ती बॅक्ट्रोसेरा. आकाराने ती घरमाशीएवढी असते. झाडावरच्या पक्व होत आलेल्या फळाची साल टोचून ती आत अंडी घालते. फळमाशी व इतर किडी सापडल्यामुळे युरोपीय संघाने मे २०१४ पासून भारतीय आंब्यावर बंदी घातली होती. ती २०१५ च्या सुरुवातीला उठली. या माशीचे नर पकडण्यासाठी कोकणातल्या बागांत ‘रक्षक’ सापळे टांगलेले दिसतात. घरातल्या चिलटाला निरोगी सालीचे फळ टोचता येत नाही. त्याला पिकून मऊ झालेले किंवा चिरलेले फळच लागते, कारण त्याच्या अळ्या मुख्यतः फळ आंबवणाऱ्या यीस्टवर जगतात.

गैरसमज ३: मोरीतली चिलटेही तीच.
वस्तुस्थिती: न्हाणीघराच्या भिंतीवर चिकटून बसणारी, केसाळ पंखांची, इवल्या पतंगासारखी दिसणारी माशी निराळी. तिच्या अळ्या जाळीखाली आणि पाइपच्या आत साचलेल्या बुळबुळीत थरात वाढतात. नुसते पाणी किंवा फिनेल ओतून तो थर निघत नाही; जाळी काढून ब्रशने खरवडावा लागतो.

गैरसमज ४: चिलटे चावतात आणि रोग पसरवतात.
वस्तुस्थिती: केळ्यांवरच्या चिलटाला टोचणारी सोंड नसते, त्यामुळे ते चावू शकत नाही. विष्ठेवरून अन्नावर बसणाऱ्या घरमाशीइतका धोकाही त्याच्यापासून नाही. तरी त्याच्या अंगाला लागून जंतू एका जागेवरून दुसरीकडे जाऊ शकतात, हे प्रयोगांत दिसले आहे. म्हणून चिरलेली फळे उघडी ठेवू नयेत, आणि कचऱ्याचा डबा ओट्यापासून लांब असावा.

गैरसमज ५: फवारा मारला की काम झाले.
वस्तुस्थिती: फवाऱ्याने उडणारी चिलटे मरतात. अळ्या आणि कोश मात्र फळाच्या आत किंवा डब्याच्या तळाशी सुरक्षित राहतात, आणि आठवड्याभरात नवी फौज उभी राहते. वाटीत थोडे व्हिनेगर आणि भांडी धुण्याच्या साबणाचे दोन-तीन थेंब घालून ठेवले तर वासाने आलेली चिलटे त्यात बुडतात. पण हाही अर्धाच उपाय. कांदे-बटाट्याच्या टोपलीच्या तळाशी सडलेला बटाटा, डब्याला चिकटलेला ओला कचरा, ओलसर राहिलेले फडके, न धुतलेली सरबताची बाटली, हे शोधून काढणे हा उरलेला अर्धा.

गैरसमज ६: एवढ्याशा किड्याचा काय उपयोग?
वस्तुस्थिती: आनुवंशिकतेत गुणसूत्रांची भूमिका काय, हे थॉमस हंट मॉर्गन यांना याच माशीने शिकवले, त्यासाठी १९३३ चे नोबेल त्यांना मिळाले. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत ओबेद सिद्दिकी आणि वेरोनिका रॉड्रिग्ज यांनी तिच्यावरच वास आणि चव यांचा जनुकीय अभ्यास केला. ज्या घ्राणशक्तीने ती आपल्या केळ्यांपर्यंत पोचते, तिच्यातून मेंदू वास कसा ओळखतो हे उलगडत गेले.

पुढच्या वेळी चिलटे दिसली तर फवारा हातात घेण्याआधी नाकाने शोध घ्या. घरात कुठेतरी काहीतरी आंबते आहे. ते बाहेर काढा, जागा घासून कोरडी करा आणि दोन आठवडे तशीच ठेवा. अंडी घालायला जागाच उरली नाही, तर चिलटांची पुढची पिढी तुमच्या घरात जन्मणार नाही.