नावं नीट घेणारा माणूस

बातमीपत्राला अजून बराच अवकाश आहे आणि निवेदक एका अनोळखी घराशी फोनवर बोलताहेत. आवाज खाली आणलेला. "माफ करा, अशा वेळी त्रास देतोय. आडनाव बोद्धूल ना? द आणि ध जोडून?" पलीकडचा माणूस काहीतरी सांगतो. ते ऐकून घेतात, आडनाव दोनदा मोठ्याने म्हणतात, पुन्हा विचारतात आणि फोन ठेवतात. समोरच्या कागदावर, निधनवार्तेच्या तिसऱ्या ओळीत, त्या अक्षराखाली लाल शाईची रेघ येते.

ज्या घरात नुकताच माणूस गेलाय तिथे आडनावाचा उच्चार विचारायला फोन करायचा, हे ऐकायला विचित्र वाटतं. पण आजवर कुणी रागावलं नाही, असं ते सांगतात. उलट बोलणारा माणूस थोडा सावरतो आणि नीट, सावकाश समजावून देतो.

सोलापुरात केबलवर हे गृहस्थ पाव शतकाच्या आसपास बातम्या देत आले आहेत. आपलं नाव लेखात नको, असं त्यांनी आधीच सांगितलं. शहराला ते ठाऊक आहे, तेवढं त्यांना पुरे. त्यांना जाऊन भेटावंसं वाटलं ते 2025 च्या मे महिन्यातल्या एका बातमीमुळे. 18 मे रोजी, रविवारी, अक्कलकोट रस्त्यावरच्या एमआयडीसीतल्या टॉवेल कारखान्याला आग लागली आणि आठ जणांचा जीव गेला. त्यात मालकाच्या घरातली माणसं होती, कामगारांच्या घरातली होती, एक लहान मूलही होतं. बाहेरच्या वाहिन्यांवर त्या दिवशी ज्वाळा दिसत होत्या, मोठ्या अक्षरांतले आकडे दिसत होते आणि मागे संगीत होतं. सोलापूरच्या या माणसाने आठही नावं वाचली. एकेक, पूर्ण, घाई न करता, दोन नावांच्या मध्ये श्वास घेऊन. मृतांना संख्येतून बाहेर काढून परत माणूस करणारं दुसरं काही त्या दिवशी पडद्यावर दिसलं नाही.

सोलापुरात नावं वाचणं हे सोपं काम नाही. 1877 मध्ये इथे पहिली कापडगिरणी उभी राहिली, पाठोपाठ आणखी गिरण्या आणि माग आले, आणि तेलंगणातून पद्मशाली विणकरांची घरंच्या घरं इथे येऊन वसली. पूर्व भागात आजही घरात तेलुगू बोलली जाते. अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूर तालुक्यांत कन्नड. विजापूर वेशीकडे उर्दू आणि दखनी. बाजारात मराठी, आणि या सगळ्यांच्या मिश्रणातून झालेली एक वेगळीच सोलापुरी. एकाच बातमीपत्रात येमूल, म्याकल, चिलवेरी येतात, पाठोपाठ बिराजदार, हत्तुरे, कल्याणशेट्टी येतात आणि मग बागवान, शेख, नदाफ. गावांची नावं तर विचारूच नका: दर्गनहळ्ळी, मैंदर्गी, दुधनी, वळसंग, औज. मुंबईत बसून ही यादी वाचणारा तिसऱ्या नावाला अडखळतो.

अडखळला तर बिघडतं काय? ज्याचं नाव आहे त्याच्या बाजूने पाहिलं तर बरंच बिघडतं. शंभर-सव्वाशे वर्षं या शहरात राहून, इथली चादर विणून, इथे मतं देऊन तुमचं आडनाव तुमच्याच शहराच्या बातम्यांत चुकीचं घेतलं जात असेल, तर तुम्ही अजून पाहुणेच ठरता. निवेदकांना हे कुणी शिकवलं नाही. ते स्वतः मराठी घरातले, पण लहानपण कन्ना चौकाच्या आसपास मागांच्या खडखडाटात गेलं. शाळेत शिक्षक हजेरी घेताना तेलुगू मुलांची नावं कशी मोडायचे आणि ती मुलं न बोलता कशी "हजर" म्हणायची, हे त्यांच्या लक्षात राहिलंय.

स्टुडिओ म्हणजे तिसऱ्या मजल्यावरची एक खोली. आवाज घुमू नये म्हणून भिंतींना सोलापुरी चादरी ठोकल्या आहेत, काही ठिकाणी दुहेरी. त्यावर हिरवा पडदा. वातानुकूलन यंत्र आहे, पण बातम्या चालू असताना ते बंद असतं, कारण त्याची घरघर माइक पकडतो. बाहेर मे महिन्यातलं 43 अंशांचं ऊन उतरलेलं असतं, पण खोलीत ते अडकून राहतं. दिवे लागले की त्या चादरींमधून सुताचा आणि खळीचा वास सुटतो, नवं कापड उलगडल्यासारखा. खोलीतून निघून दोन तास झाले तरी तो नाकातून जात नाही. या शहराच्या बातम्यांना कशाचा वास असावा असं कुणी विचारलं असतं, तर हाच सांगावा लागला असता.

बाकीचं काम कुठल्याही छोट्या वाहिनीत चालतं तसंच: बातमीदार मोबाइलवरून मजकूर आणि चित्रफिती पाठवतात, एक मुलगी मजकूर टाइप करते, दुसरा मुलगा चित्रफिती कापतो आणि सगळं टेलिप्रॉम्प्टरवर चढतं. निवेदक मात्र तो सरकता मजकूर असूनही हातात कागद धरतात. लाल रेघा कागदावर असतात.

ही सवय त्यांनी दुरून उचलली. 2 ऑक्टोबर 1972 रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झालं, तेव्हा निवेदकापुढे कागद आणि कॅमेरा एवढंच होतं. ओळ डोळ्यांनी उचलायची, मान वर करायची, बोलायची, पुन्हा खाली बघायचं. विश्वास मेहेंदळे हे तिथले पहिले मराठी वृत्तनिवेदक. अनंत भावे मराठीचे प्राध्यापक, मुलांसाठी लिहिणारे. भक्ती बर्वे रंगभूमीवरच्या. स्मिता पाटील यांना श्याम बेनेगल यांनी हेरलं ते त्या बातम्या देत असतानाच. आणि 1974 पासून पुढची चाळीस वर्षं प्रदीप भिडे. विज्ञानाची पदवी, मग पुण्याच्या रानडे इन्स्टिट्यूटमध्ये पत्रकारिता, मोठ्या कंपन्यांत जनसंपर्काची नोकरी आणि संध्याकाळी बातम्या. 7 जून 2022 रोजी ते गेले, तेव्हा ज्यांना त्यांचा चेहरा नीट आठवत नव्हता त्यांनाही आवाज आठवला.

भिड्यांच्या वाचनातली एक गोष्ट सोलापूरच्या निवेदकांनी तासन्‌तास ऐकून घोटून घेतली: वाक्य संपताना आवाज खाली येई, पण शेवटचा शब्द गिळला जात नसे. बहुतेकांचा "आहे" हवेत विरतो. भिड्यांचा "आहे" शेवटपर्यंत ऐकू यायचा. दुसऱ्या गुरू आकाशवाणीच्या. सकाळी सात वाजून पाच मिनिटांनी पुण्याहून प्रादेशिक बातम्या लागायच्या आणि सुधा नरवणे यांचा आवाज यायचा. घरात कुणी चहा ढवळत असेल तर चमचा थांबायचा. ही मंडळी बातमी सांगताना स्वतः मागे राहत. आज अनेक पडद्यांवर निवेदक बातमीच्या पुढे उभा राहून हातवारे करतो. ज्याला बातमी ऐकायची आहे त्याने त्याच्या खांद्यावरून डोकावायचं. हे काही प्रगतीचं लक्षण वाटत नाही.

एक फरक मात्र मोठा. प्रदीप भिडे यांना साऱ्या महाराष्ट्राने ऐकलं, पण अख्खा महाराष्ट्र त्यांना रस्त्यात गाठू शकत नव्हता. स्थानिक निवेदकाला प्रेक्षक भाजीच्या गाड्यापाशी भेटतो. आणि सोलापुरात त्याचा प्रश्न ठरलेला असतो. "पाच दिवस झाले. आमचं पाणी कधी?"

हे पाच दिवस निवेदकांच्या बोलण्यात सारखे येतात. उजनी धरणातून जवळपास 110 किलोमीटर लांबीच्या नळातून शहराला पाणी येतं, शिवाय औज बंधाऱ्यात भीमेचं पाणी अडवून टाकळीहून उपसा होतो. तरी घराघरांत नळ येतो चार-पाच दिवसांआड. जलवाहिनी फुटली, वीज गेली, की आणखी एक दिवस पुढे. त्यामुळे उद्या कुठल्या भागात किती वाजता पाणी सुटणार, ही यादी म्हणजे बातमीपत्राचा कणा. ती दोनदा वाचतात, दुसऱ्यांदा जरा हळू. एकदा यादीतलं एक नगर वगळलं गेलं. त्या भागातल्या बायका सकाळी कार्यालयाच्या जिन्यात येऊन उभ्या राहिल्या. पाच दिवस भांड्यांत साठवलेलं पाणी त्यांनी वेळ कळली नाही म्हणून जपून वापरलं होतं आणि नळ रात्रीच येऊन गेला होता. निवेदकांनी त्यांची माफी मागितली आणि त्या रात्री पडद्यावरही मागितली. मंत्र्यांच्या दौऱ्याची बातमी राहिली तर जिन्यात कुणी येत नाही, हेही त्यांनी सांगितलं.

जानेवारीत काम दुप्पट होतं. संक्रांतीच्या सुमाराला सिद्धेश्वरांची यात्रा भरते. सोलापूरकर तिला गड्डा म्हणतात. अडुसष्ट लिंगांना तैलाभिषेक म्हणजे यण्णीमज्जन, मग संमती कट्ट्यावरचा अक्षता सोहळा, होम, शोभेचं दारूकाम. सात नंदीध्वज पेलत तरुण चालतात आणि थेट प्रक्षेपण तासन्‌तास चालतं. तेव्हा टेलिप्रॉम्प्टर नसतो. कोणता ध्वज कुठल्या मानकऱ्यांचा, मिरवणूक कुठे थांबते आणि का, हे तोंडपाठ असावं लागतं. यात्रेच्या तोंडावरच 12 जानेवारी येते. 1931 साली त्या तारखेला येरवड्याच्या तुरुंगात मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन यांना फाशी दिली गेली. आदल्या वर्षी इंग्रजांनी सोलापुरात मार्शल लॉ लावला होता, त्याचा हा शेवट. कन्नड, मारवाडी, मराठी, उर्दू अशा घरांतली ही चार नावं सलग वाचताना आपण अख्खं सोलापूर वाचतोय असं वाटतं, असं निवेदक म्हणाले. त्या दिवशी ते कागद खाली ठेवतात.

या कामावर घर चालत नाही. दूरदर्शनवरच्या त्या नामवंतांचंही चालत नव्हतं. भावे शिकवत, बर्वे नाटकं करत, भिडे नोकरी करत आणि पुढे असंख्य जाहिराती-माहितीपटांना आवाज देत. इथे निवेदक सकाळी स्टेशनरीचं दुकान बघतात आणि हंगामात समारंभांचं सूत्रसंचालन करतात. वाहिनीचं पोट भरतं ते वाढदिवसाच्या शुभेच्छांवर. नेत्याचं छायाचित्र, मागे फुलं आणि शुभेच्छुकांची लांबलचक यादी. एके काळी हेही निवेदकांच्याच आवाजात जायचं. पाण्याची यादी आणि नगरसेवकाची स्तुती एकाच आवाजात ऐकली की ऐकणाऱ्याला दोन्ही सारखीच वाटू लागतात. त्यांनी पुढे शुभेच्छा वाचायचं थांबवलं आणि त्यापोटी मिळणारे पैसे सोडले. वाहिनीने शुभेच्छा मात्र थांबवल्या नाहीत. आता त्या दुसऱ्याच्या आवाजात जातात. अर्धीच लढाई जिंकली आहे, पण त्यांच्या वाटणीची तेवढीच होती.

केबलचा धंदाही पार पालटला. सुरुवातीला चालकाने घरातल्या व्हीसीआरवरून सिनेमा लावायचा आणि मध्ये गावच्या बातम्या घुसवायच्या, असा कारभार होता. 1995 मध्ये केबलचा कायदा आला. डिजिटल करण्याच्या दुसऱ्या टप्प्यात, 31 मार्च 2013 च्या मुदतीत, देशातल्या ज्या 38 शहरांना सेट-टॉप बॉक्स बसवावे लागले त्यांत सोलापूर होतं. नोव्हेंबर 2022 च्या नियमांनी स्थानिक बातम्या देणाऱ्या केबलचालकाला कंपनी म्हणून नोंदणी सक्तीची केली आणि प्रसारणाची ध्वनिचित्रफीत 90 दिवस जपून ठेवायला लावली. निवेदकांना हा शेवटचा नियम पसंत आहे. आपण काय बोललो ते कुणालाही पडताळता आलं पाहिजे, असं त्यांचं म्हणणं.

आता अर्धे प्रेक्षक मोबाइलवर आलेत, आणि निवेदकही बदलू लागलेत. 26 मे 2024 पासून डीडी किसानवर क्रिश आणि भूमी हे संगणकाने घडवलेले निवेदक बातम्या देतात. न थकता, अनेक भाषांत. सोलापूरच्या वाहिनीतही अशा आवाजाची चाचणी झाली. आवाज गोड होता. मजकुरात आडनाव चुकीचं टाइप झालेलं होतं, ते त्याने चुकीचंच, पण ठामपणे वाचलं. फोन करून विचारावं हे त्याला सुचणार नव्हतं. मालकांनी तूर्त तो विचार बाजूला ठेवलाय. पैसे वाचतात म्हटल्यावर तो परत निघेल, याबद्दल निवेदकांना शंका नाही.

म्हणून ते एक वही भरताहेत. पेठा, नगरं, गावं, आडनावं आणि प्रत्येकापुढे उच्चार. मजकूर टाइप करणारी मुलगी पूर्व भागातली, तेलुगू घरातली आहे. रविवारचं बातमीपत्र आता तिच्याकडे असतं. वही तिच्या हाती पडल्यावर तिने पहिल्याच आठवड्यात कितीतरी तेलुगू आडनावांपुढचे उच्चार खोडून नवे लिहिले. निवेदकांनी ते एकेक तिच्याकडून म्हणून घेतले आणि बहुतेक मान्य केले. दोनांवर वाद अजून चालू आहे. त्या दोन घरांना फोन करून विचारायचं ठरलंय.