गुरुजींचं विकिपीडियावरचं पान

गेल्या दिवाळीत आपल्या मंडळातल्या एका काकांनी मला काम सांगितलं. "तू कॉम्प्युटरवाला ना? मग आमच्या गुरुजींचं विकिपीडियावर पान कर." सोबत मंडळाच्या जुन्या स्मरणिकेतल्या लेखाची झेरॉक्स होती. गुरुजी आता ऐंशीच्या घरात आहेत. शेकडो मुलं त्यांच्याकडे गाणं शिकली. मी एका संध्याकाळी लेख जवळजवळ जसाच्या तसा टाकला. 'सुरांचे थोर उपासक', 'शिष्यांचे कल्पवृक्ष', सगळं. दोन दिवसांत पानावर ते वगळण्याची सूचना लागली. काका चिडले. खरं सांगायचं तर मीही चिडलो.

मग नियम वाचायला बसलो, तेव्हा त्यामागची एक गोष्ट समजली.

मे २००५ मध्ये अमेरिकेतले ज्येष्ठ पत्रकार जॉन सीगनथॉलर यांच्या इंग्रजी विकिपीडियावरच्या पानात कुणीतरी निनावी मजकूर घातला. जॉन आणि रॉबर्ट केनेडी यांच्या हत्यांत त्यांचा हात असल्याचा संशय होता, असं त्यात म्हटलं होतं. प्रत्यक्षात सीगनथॉलर हे रॉबर्ट केनेडींचे एकेकाळचे सहायक आणि त्यांच्या शवपेटीला खांदा देणाऱ्यांपैकी एक. तो मजकूर चार महिन्यांहून जास्त काळ तसाच राहिला, इतर संकेतस्थळांवरही उतरला. नंतर कळलं, एकाने सहकाऱ्याची गंमत करायला ते लिहिलं होतं. सीगनथॉलर त्याच्यावर कोर्टात गेले नाहीत. उलट त्याने नोकरीचा राजीनामा दिला तेव्हा ती परत द्या, असं त्यांनीच मालकाला सांगितलं.

याच प्रकरणानंतर हयात व्यक्तींच्या चरित्रांसाठी वेगळे कडक नियम झाले. वादग्रस्त ठरेल असं वाक्य विश्वासार्ह संदर्भाशिवाय असेल तर चर्चेची वाट न पाहता काढायचं. मजकूर निंदेचा असो वा स्तुतीचा, नियम एकच.

इथे माझी चूक लक्षात आली. 'थोर' हा आपला अभिप्राय, माहिती नव्हे. आणि स्मरणिका छापणारे आपणच, म्हणजे घरच्यांनीच दिलेलं प्रशस्तिपत्र. तटस्थ माणसाने, स्वतंत्रपणे, छापून ठेवलेलं काय आहे, हा खरा प्रश्न. शिवाय मी गुरुजींची पूर्ण जन्मतारीख आणि घरचा पत्ताही टाकला होता, त्यांना न विचारता!

मराठी विकिपीडिया २००३ पासून आहे, पण इंग्रजीच्या मानाने तिथे राबणारे हात फार थोडे. चुकीचं वाक्य पटकन कुणाच्या नजरेस पडत नाही. म्हणून आपणच जपून लिहायला हवं. आपल्या माणसाबद्दल चुकीचं काही दिसलं, तर तिथल्या चर्चा पानावर पुराव्यासह सांगावं. ते वाक्य कधी आलं, हे 'इतिहास' या कळीवर दिसतं.

काकांना हे समजावलं. ते थोडा वेळ गप्प बसले, मग माळ्यावरची ट्रंक काढली. गुरुजींच्या मैफलींची वर्तमानपत्रांतली कात्रणं निघाली, पण बहुतेकांवर ना तारीख, ना वर्तमानपत्राचं नाव. कात्री नेमकी तिथूनच फिरली होती.

आता आम्ही दोघं रविवारी वाचनालयात जुने अंक चाळतो. आतापर्यंत दोन परीक्षणं तारखेसह सापडली. तुमच्या घरी अशी कात्रणं असतील तर मंडळाला कळवा. आणि यापुढे कात्रण कापताना वरची तारीख तेवढी सोडू नका.