बंदूक आणि बासरी

छत्री घेऊन निघावे, तर आकाश निरभ्र राहते. ती घरी ठेवावी, तर नेमका पाऊस गाठतो. मनुष्य योजतो एक आणि घडते भलतेच. अशा उफराट्या प्रकाराला विसंगती म्हणतात. ती नित्याच्या जीवनात पदोपदी आढळते. मात्र ती टिपण्यास डोळस दृष्टी लागते. बंगालचे थोर दिग्दर्शक सत्यजित राय (१९२१–१९९२) यांच्यापाशी ती होती. १९६४ साली त्यांनी काढलेला 'टू', म्हणजे 'दोन', हा लघुपट त्याची साक्ष देतो.

हा लघुपट अमेरिकेतील दूरचित्रवाणीसाठी तयार झाला. तो इंग्रजीत असावा, अशी अपेक्षा होती. परंतु राय यांना मूकपटांची आवड होती. त्यांनी त्यात संवादच ठेवले नाहीत. त्यामुळे तो कोणत्याही देशातील मुलांना समजतो.

एका श्रीमंत घरातील मुलगा खेळण्यांच्या पसाऱ्यात एकटाच खेळत असतो. इतक्यात बाहेरून बासरीचे सूर येतात. खिडकीतून पाहतो, तो झोपडीजवळ एक गरीब मुलगा बासरी वाजवीत आहे. श्रीमंत मुलगा लगेच आपली तुतारी मोठ्याने फुंकतो. गरीब मुलगा ढोलके आणतो, तेव्हा तो ढोल बडविणारे यांत्रिक माकड दाखवितो. गरीब मुलगा मुखवटा घालून येतो, तेव्हा तो एकामागून एक मुखवटे चढवून शस्त्रे मिरवितो. बिचारा गरीब मुलगा हिरमुसून परततो.

थोड्या वेळाने आकाशात पतंग दिसतो. त्याची दोरी त्याच गरीब मुलाच्या हाती असते! श्रीमंत मुलगा गलोल मारतो, नेम चुकतो. मग तो छऱ्याची बंदूक आणतो. पतंग फाटून खाली येतो. गरीब मुलाचे डोळे पाण्याने भरतात.

विजयी वीर आपली खेळणी सुरू करतो. खोलीत गोंगाट माजतो. तरीही त्यातून बासरीचे सूर ऐकू येतातच! यांत्रिक मनुष्य चालता चालता खेळण्यातील मनोरा पाडतो आणि मुलगा विचारात पडतो.

बंदुकीने पतंग पाडता येतो, सूर पाडता येत नाही. परंतु याहून मोठी विसंगती निराळीच आहे. दोघेही एकटे होते. दोघांमध्ये अंतर होते केवळ एका खिडकीचे. खेळणी दाखवून हरविण्याऐवजी त्या मुलाने हात हलवून दुसऱ्याला बोलाविले असते, तर खोलीतील साऱ्या खेळण्यांत नसलेला सोबती त्याला लाभला असता.