वाट होती, हक्क नव्हता

उधन्यातलं आमचं किराणा दुकान आबांनी १९९४ साली सुरू केलं. अमळनेरहून आलेल्या आमच्या घराचा तोच आधार. मी बीई झालो तो त्याच गल्ल्यावर. रस्त्यावरून दुकानात यायला शेजारच्या प्लॉटमधून सहा फुटांची वाट होती. गिऱ्हाईकही तिथूनच यायचं आणि मालाची हातगाडीही. दोन वर्षांपूर्वी तो प्लॉट विकला गेला. नव्या मालकाने वाटेवर लोखंडी गेट बसवून कुलूप घातलं. मागची गल्ली उरली, पण तिथून वळसा घालून कोण येणार? महिनाभरात धंदा निम्म्यावर आला.

दादा म्हणाला, "तीस वर्षं वापरतोय, हक्क आपलाच." मलाही तसंच वाटत होतं. वकिलांनी एकच विचारलं, "सुरुवातीला कुणाची परवानगी घेतली होती का?" आबा लगेच म्हणाले, "हो, जुन्या शेठना विचारलं होतं. ते म्हणाले, खुशाल वापरा भाऊ."

तिथेच आमची केस लंगडी झाली. १८८२ च्या इझमेंट कायद्याच्या कलम १५ नुसार खासगी जागेतली वाट २० वर्षं उघडपणे, शांतपणे, अखंड आणि 'हक्काने' वापरलेली असावी लागते. परवानगीने केलेला वापर कितीही वर्षांचा असला तरी हक्क होत नाही. 'गरजेची वाट' मागायची, तर दोन्ही जागा पूर्वी एकाच मालकाच्या असाव्या लागतात आणि दुसरा मार्ग नसावा लागतो. आम्हाला मागची गल्ली होती. रायगड जिल्ह्यातल्या अशाच एका रस्त्याच्या वादात १० एप्रिल २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दावा फेटाळला. २० वर्षांचा वापर सिद्ध झाला नव्हता आणि जायला दुसरी वाटही होती.

घरी येताना दादा म्हणाला, "आबा, कोर्टात शेठचं नाव काढू नका." आबा म्हणाले, "त्या माणसाने उपकार केला. तो मी नाकारू?" त्या रात्री कुणी नीट जेवलं नाही.

शेवटी आबा स्वतः नव्या मालकाकडे गेले. तीन बैठका झाल्या. एकरकमी मोबदला ठरला आणि वाटेचा हक्क नोंदणीकृत दस्ताने लिहून घेतला. पैसे टोचले, पण गेट उघडलं.

मंडळी, आपल्यातल्या कितीतरी घरांची दुकानं अशा तोंडी शब्दांवर उभी आहेत. म्हणून वडील सांगू शकतात तोवर बसून विचारा: वाट कुणाची, परवानगी कुणी दिली, कागद कुठे आहे? वाट अडलीच, तर गप्प बसू नका. अडथळा माहीत असून वर्षभर सहन केला, तर वापर खंडित झाला असं कायदा धरतो. सार्वजनिक रस्ता अडला असेल, तर मात्र २० वर्षांचा प्रश्नच येत नाही. महापालिकेकडे लेखी तक्रार करा.

आबा आजही त्या वाटेने येतात. फरक इतकाच, की आता दस्ताची एक प्रत गल्ल्याखालच्या खणात असते.