पिचरचे कोपर: मुलांच्या दुखण्याकडे दुर्लक्ष नको

शालेय स्पर्धांत बेसबॉलही असतो. परभणीत तुमचे मूल पिचर म्हणून खेळत असेल, तर त्याच्या कोपराकडे लक्ष ठेवा. जोरात चेंडू फेकताना कोपराच्या आतल्या बाजूच्या लिगामेंटवर (हाडे जोडणाऱ्या बंधावर) खूप ताण येतो.

अमेरिकेतील डावखुरे पिचर टॉमी जॉन यांचे हे लिगामेंट १९७४ मध्ये फाटले. डॉ. फ्रँक जोब यांनी त्यांच्याच दुसऱ्या हातातील टेंडन तिथे बसवला. १९७६ मध्ये ते परतले आणि १९८९ पर्यंत खेळले. त्यांच्या २८८ विजयांपैकी १६४ शस्त्रक्रियेनंतरचे! म्हणून ‘ऑपरेशन आहेच’ असे समजू नका. पूर्ववत व्हायला साधारण वर्ष लागते.

वाढत्या वयात लिगामेंटपेक्षा हाडाची वाढ होणारी जागाच आधी दुखावते. अमेरिकेतील मार्गदर्शक सूचनांनुसार १३-१४ वर्षांच्या मुलाने दिवसात ९५ पेक्षा जास्त पिच टाकू नयेत. स्पर्धेच्या धामधुमीत हे कोणी मोजत नाही, तेव्हा पालकांनीच मोजावे. वेदनाशामक गोळी देऊन मुलाला मैदानात उतरवू नका. कोपर सरळ होत नसेल किंवा करंगळीला मुंग्या येत असतील, तर फेकणे लगेच थांबवून अस्थिरोगतज्ज्ञांना दाखवा.