मंददृष्टी आणि मेंदूची साथ

काही वर्षांपूर्वी माझ्या मातोश्रींची दृष्टी मंदावली. दृष्टिपटलाच्या मध्यभागाचा तो विकार. समोरच्या माणसाचा चेहरा दिसेना. कडेचे तेवढे दिसे. एके सायंकाळी त्या हळूच म्हणाल्या, "बाळा, खिडकीपाशी जरीची लुगडी नेसलेल्या बायका उभ्या दिसतात. बोलत मात्र नाहीत. मला वेड तर लागले नाही ना?" लोकलज्जेस्तव त्यांनी ही गोष्ट कित्येक महिने मनातच ठेवली होती.

डॉक्टरांनी तपासून धीर दिला. हे वेड नव्हे. शार्ल बोने या स्विस शास्त्रज्ञाने १७६० साली आपल्या मंददृष्टी आजोबांचा असाच अनुभव लिहून ठेवला आहे. डोळ्यांकडून येणारे संदेश घटले, तरी मेंदूतील दृष्टिकेंद्र रिकामे बसत नाही. ते स्वतःच चित्रे रेखाटू लागते.

हाच मेंदू साहाय्यही करतो. दृष्टिपटलाचा मध्य निकामी झाल्यास कडेच्या निरोगी भागाने पाहण्याची सवय जडते. जन्मापासून वा बालपणापासून अंध असलेले लोक बोटांनी ब्रेल वाचतात, तेव्हा त्यांचे दृष्टिकेंद्र कामाला लागते, असे नोरिहिरो सादातो व सहकाऱ्यांनी १९९६ साली दाखवून दिले. कान काही नवे होत नाहीत. अवधान आणि स्मरण यांना धार येते. आज मातोश्री खाडीवरील अब्र्यांची घरघर व अत्तराच्या दुकानाचा दरवळ यांवरून बर दुबईतील वाट ओळखतात.

विदर्भातील संत गुलाबराव महाराज (१८८१–१९१५) यांची दृष्टी तान्हेपणीच गेली. तरीही त्यांनी शंभराहून अधिक ग्रंथरचना केल्या. लोकांनी त्यांना 'प्रज्ञाचक्षु' म्हटले, ते यथार्थच होय. रत्नागिरीहून मोरसला गेलेल्या आपल्या गिरमिटिया पूर्वजांपैकी कितीकांना अक्षरओळख नव्हती! झाकरीची गाणी त्यांनी स्मरणातच जपली. मातोश्री आज तीच नातवंडांना शिकवतात.

तथापि सारा भार मेंदूवर टाकून आपण स्वस्थ बसू नये. घरात भरपूर उजेड असावा. भात गडद रंगाच्या ताटात वाढावा. वाटेतील सामान वरचेवर हलवू नये. जवळ जाताना आपले नाव सांगावे. आणि या उत्सवाच्या निमित्ताने घरच्या वडीलधाऱ्यांना प्रेमाने विचारावे, "आपल्याला काय दिसते?" उत्तर कोणतेही येवो, हसू नये, आधी डॉक्टरांना दाखवावे. मातोश्रींना ते महिने एकटीने भ्यावे लागले, ते केवळ आम्ही कोणी विचारले नाही म्हणून.