जेऊरच्या मातीतलं हसणं

नागराज मंजुळे यांना विनोदी दिग्दर्शक कुणी म्हणत नाही. ‘फँड्री’ म्हटलं की भिरकावलेला दगड आठवतो, ‘सैराट’ म्हटलं की शेवट. पण दोन्ही चित्रपट सलग पाहा. त्यांचा केवढा तरी भाग आपण हसत पाहतो. हे हसणं सोलापूर जिल्ह्यातलं आहे, आणि घर, जात, भाषा यांविषयी मंजुळे जे सांगतात ते आधी त्यातूनच सांगतात.

मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, वडार समाजातले. पुण्यात मराठीत एम. ए. केल्यावर ते अहमदनगरच्या न्यू आर्ट्स कॉलेजात संज्ञापन शिकले. तिथे केलेल्या ‘पिस्तुल्या’ या लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘फँड्री’ चित्रगृहांत लागला १४ फेब्रुवारी २०१४ रोजी. त्यातला जब्या, सोमनाथ अवघडे, करमाळा तालुक्यातल्याच केमचा.

जब्याचं माने कुटुंब घरात कैकाडी बोलतं, गावात मराठी. घरची बोली, डुकरं, बापाचं वाकणं हे सगळं त्याला आवडणाऱ्या शालूपासून लपवायचं आहे. ही लपवाछपवी, मित्र पिऱ्याला घेऊन काळ्या चिमणीमागे रानोमाळ हिंडणं, जीन्सची हाव, सगळं गमतीचं आहे. मग शाळेजवळ डुकरं धरायचा दिवस येतो. कुटुंब चिखलातून, काट्यांतून धावतंय आणि गाव क्रिकेटचा सामना पाहावा तसं कडेला बसून ओरडतंय. मध्येच शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. जब्या थबकून ताठ उभा राहतो, पाठोपाठ बाप, सगळं घर. डुक्कर मात्र निघून जातं. इथे थिएटरात हशा पिकतो. त्यानंतर गावही हसतच राहतं, आणि आपला हशा त्याच्यात केव्हा मिसळला ते कळत नाही. मराठी पडद्यावर विनोदाचा इतका नेमका, इतका निर्दय वापर मी दुसरा पाहिलेला नाही.

‘सैराट’ (२९ एप्रिल २०१६) गावच्या क्रिकेट सामन्याच्या समालोचनाने सुरू होतो. पुढाऱ्यांची स्तुती आणि धावा एकाच दमात! अरबाज शेखचा सल्या, तानाजी गालगुंडेचा लंगड्या आणि त्यांचा मित्र, नायक परशा यांची टिंगलटवाळी पूर्वार्धभर चालते. लंगड्याचं नाव प्रदीप, पण व्यंगावरून पडलेलं नाव तोही निमूट वागवतो. त्या नावावर हसताना मला अवघडल्यासारखं होतं. उत्तरार्धात नायिका आर्ची आणि परशा पळून हैदराबादला पोचतात आणि विनोद जवळजवळ थांबतो. चेष्टा करायला तिथे आपल्या बोलीचं माणूसच नाही. तिथल्या सुमनअक्काचा आधार मिळतो, घर उभं राहतं, पण ती टोळी परत मिळत नाही. जातीबाहेर प्रेम केल्याची ही शिक्षा जीव घेण्याच्या कितीतरी आधी सुरू होते.

२०१८ मध्ये ‘धडक’ने ही कथा उदयपूरला नेली. ‘सैराट’मधल्या ‘झिंगाट’ गाण्याची अजय-अतुल यांची चाल हिंदी शब्द घेऊन तिथे सहज पोचली. सल्या-लंगड्याची चेष्टामस्करी पोचली नाही, आणि जातही पुसट झाली.